गुडघेवाली बाई

केळापूरच्या बाजूला विजयमालाबाईंना डॉक्टरीण म्हणून फारसं कुणी ओळखायचं नाही. "गुडघेवाली बाई कुठं राह्यते?" असं विचारलं तर शेंबडं पोरही दवाखान्याची वाट दाखवायचं. नाव उगीच पडलं नव्हतं. लेकरू खोकत येवो की कान दुखतो म्हणून येवो, बाई आधी त्याची पाठ भिंतीला लावायच्या, गुडघ्याला गुडघा चिकटवून उभं करायच्या, आणि खाली दोन घोट्यांच्या मधात आपली बोटं घालून पाहायच्या किती मावतात ते.

"बाई, याले खासी हाये. पाय बरे हायेत याचे," आई कुरकुरायची.

"पाय बरे की वाईट ते मी सांगते. तू खोकल्याचं सांग."

आणि वहीत लिहायच्या. पोराचं नाव, वय, बोटं. शून्य, एक, दोन. खोकला त्याच्यानंतर.

याला कारण होती इंदू, त्यांची धाकटी बहीण. बाई फुलसावंगीच्या. वडील सदाशिवराव, घरची कापूस-तुरीची शेती, बरं चाललेलं घर. इंदू दोन वर्षांची झाली तरी उभी राहीना, आणि राहिली तेव्हा पाय धनुष्यासारखे. मुडदूस म्हणतात त्याला. फिरतीवरच्या एका डॉक्टरनं सांगितलं, माशाचं तेल पाजा आणि रोज सकाळी उन्हात ठेवा. घरात माशाच्या वासानं आईला उलट्या व्हायच्या, म्हणून ते काम दहा वर्षांच्या विजयमालेकडं आलं. नाक दाबून तेल पाजायचं, अंगणात गोधडी टाकून इंदूला उन्हात निजवायचं, कावळे हाकलायचे. दोन वर्षांत इंदूचे पाय सरळ झाले. आता दहा वर्षांच्या पोरीनं स्वतःच्या हातानं बहिणीचे पाय सरळ केले म्हटल्यावर, पुढं आयुष्यभर हाडांबद्दल तिला दुसरं कोण काय शिकवणार?

नागपूरला डॉक्टरकी झाली, मुंबईला लहान मुलांच्या आजारांची पदविका झाली. लग्नाचं विचारायला पाहुणे आले की सदाशिवराव म्हणायचे, "ती तुमच्या पोराचे गुडघे मोजते, चालते का पाहा." पाहुणे हसायचे, चहा प्यायचे आणि जायचे. बाईंनी केळापूर भागातला सरकारी दवाखाना मागून घेतला. ते साल छप्पन.

दवाखान्यापासून दीड कोसावर बोरखडी तांडा. आजा-पणजा बैलांच्या पाठीवर मीठ-धान्य घालून मुलुख फिरलेला, आता शेती धरून बसलेला. तिथं बाईंनी पहिल्यांदा नारू पाहिला. माणसाच्या पोटरीतून दोऱ्यासारखा जंत बाहेर निघतो, तो काडीला गुंडाळत रोज बोटभर ओढायचा. तुटला तर पाय सडतो. नारू नाही असं तांड्यात एक घर नव्हतं. नाल्याच्या डोहातलं पाणी पिऊन तो व्हायचा.

बाईंनी विहिरीसाठी अर्ज केला. त्याच साली राज्य बदललं, नागपूरचा कागद मुंबईकडं निघाला आणि वाटेतच कुठं तरी निजला. बाईंनी तहसिलीत सतरा चकरा मारल्या. शेवटी सत्तावनच्या उन्हाळ्यात काळ्या खडकात सुरुंग लागले आणि साठ हातांवर पाणी लागलं. असं गोड पाणी, की तुरीची डाळ अर्ध्या लाकडांत शिजायला लागली. दोन वर्षांत तांड्यातला नारू गेला. बाया बाईंना ओवाळायच्या. नाईक शंकरसिंग म्हणजे तांड्याचा मुख्य, त्याचा शब्द म्हणजे शेवटचा शब्द, तोही म्हणायचा, "विहीर नाई, बाईनं आमाले माय देल्ली."

एकाच घराला त्या मायेचं दूध मिळालं नाही. लखीरामचं घर. तांड्याचा न्याय तांड्यात व्हायचा असतो, नाईकाच्या डोक्यावरून कचेरीत जायचं नसतं. लखीरामनं शेताच्या बांधावरून नाईकाच्या भावाविरुद्ध पांढरकवड्याच्या कोर्टात साक्ष दिली, तीही खरी. झालं. पंच बसले आणि त्या घराचं पाणी तोडलं. विहिरीवर पाय ठेवायचा नाही.

लखीरामची म्हातारी आई भुरीबाई मग नाल्यावरच जात राहिली. येताना पाणी आपल्या ओढणीच्या दुहेरी पदरातून गाळून आणायची. चार वर्षं आणलं.

एकसष्टच्या वैशाखात बाई तांड्यावर देवीच्या लसी टोचायला गेल्या होत्या. डोक्यावर हंडा, काखेत कळशी, अशी भुरीबाई भर उन्हात नाल्याकडून येताना दिसली. मागं पाच वर्षांची नात जमनी, हातात तांब्या. बाईंना संताप आला. नाईकाकडं गेल्या.

"नाईक, विहीर सरकारी हाये."

"विहीर सरकारी हाये बाई, तांडा आमचा हाये."

"म्हातारी मरन उन्हानं."

"आमच्या पोटात तुमी कायले शिरता? तुमी गुडघे पाहा."

बाईंनी वाद घातला नाही. विहिरीच्या काठावर जाऊन बसल्या. भुरीबाईची कळशी या विहिरीवर भरेपर्यंत तांड्यावर पाण्याचा थेंब घेणार नाही म्हणाल्या. दहा वाजले, अकरा वाजले. बाया पाणी घेऊन आल्या, बाईंनी तोंड फिरवलं. बारा वाजता त्यांच्या ओठांना पापुद्रे आले. दारी आलेलं माणूस तहानलेलं बसावं याच्यासारखी लाज तांड्याला नाही. नाईकाच्या बायकोनं घरात जाऊन नवऱ्याला काय ऐकवलं ते तिलाच ठाऊक, पण तो तणतणत आला आणि म्हणाला, "भरा! भरा तिची कळशी! डाक्तरीण नाई, खविस हाये."

पहिली बादली बाईंनी स्वतः ओढली. स्वतः भुरीबाईच्या कळशीत ओतली. भुरीबाई पाया पडायला वाकली, बाईंनी तिला वरच्यावर धरलं. मग जमनीला ओंजळ करायला सांगून पोटभर पाणी पाजलं. पोरीचा झगा भिजला, ती खिदळली.

त्या दिवशी बाईंनी तांड्यातली सगळी पोरं मोजली. दवाखान्यात परत आल्यावर वहीच्या कडेला लाल पेन्सिलीनं लिहिलं, "आजपासून भुरीबाईचं घर विहिरीवर." लिहिताना फार बरं वाटलं असणार. वाटू द्या. माणसाला असे दिवस किती येतात?

पोरांचे पाय मात्र बरे नव्हते. पाच-सहा-आठ वर्षांच्या पोरांचे गुडघे आत वळायला लागले होते, घोटे बाहेर. दोन बोटं, तीन बोटं. बाईंना वाटलं, मुडदूसच. तांड्यातलं दूध पांढरकवड्याच्या हॉटेलात जातं, पोरांच्या वाट्याला नुसती ज्वारीची भाकर, मग हाड वाकेल नाही तर काय होईल. दर गुरुवारी त्यांनी वाढत्या वयाच्या पोरांसाठी वेगळा दवाखाना सुरू केला. लहानगी होतीच, शिवाय दहा ते सोळा वर्षांची पोरं-पोरी. या वयाचं लेकरू कुणाचंच नसतं, बाई म्हणायच्या. लहानांच्या डॉक्टरला ते मोठं वाटतं, मोठ्यांच्या डॉक्टरला लहान. आणि हाड तर याच वयात भराभर वाढतं. पंचक्रोशीतून बैलगाड्या यायच्या. माशाचं तेल, चुन्याच्या गोळ्या, उन्हात कवायत. नागपुरातले एक मोठे डॉक्टर हसले होते, "बाई, यवतमाळच्या उन्हात मुडदूस? तिथं तर ऊन पोत्यानं भरून पाठवता येईल." बाईंना राग आला. त्यांना इंदू दिसत होती.

पोरांचे दातही पिवळे-तपकिरी, पट्टे ओढल्यासारखे. बाई आयांना झापायच्या, "एवढ्याशा लेकरांना तंबाखूचा गुडाखू घासायला देता? लाज नाही वाटत?"

"सेवालालची आन बाई, नाई देत."

बाईंचा विश्वास बसायचा नाही. दवाखान्यात धुरपताबाई म्हणून दाई होती, तिच्याकडं वळून म्हणायच्या, "पाहिलं? शपथ घेऊन खोटं."

धुरपताबाई पोरांना उभं करता करता म्हणायची, "सारा तांडाच खोटा कसा असन बाई? एखादी तं खरी बोलत असन." बाई लिहीत असायच्या.

सदुसष्ट साल उजाडलं. पौषातल्या एका गुरुवारी भुरीबाई जमनीला घेऊन आली. जमनी अकराची झाली होती, उंच, काळीसावळी, बोलायला फटकळ. चालताना तिचे गुडघे एकमेकांवर घासायचे. बाईंनी तिला भिंतीला उभं केलं. चार बोटं. गेल्या वर्षी तीन होती.

"दूध देता का हिला?" बाईंनी जरा करड्या आवाजात विचारलं.

"बाई, हिच्यासाठी म्हैस घेतली लखीरामनं," भुरीबाई म्हणाली. "एक थेंब इकत नाई. तेल रोज देतो, नाक धरून. हिचा बाप म्हणते, हिच्याइतकं तं मासोळीबी तेल पेत नसन."

जमनी हसली. समोरचे दात पांढरेशुभ्र. दाढा मात्र तपकिरी.

समोरचे दात लहानपणीच घडतात, दाढा मागून. बाई त्या दातांकडं पाहत राहिल्या. मग जुन्या वह्यांचा गठ्ठा सोडला. एकसष्टची वही काढली. जमनी लखीराम, वय पाच, शून्य. तिचा मोठा भाऊ खेमसिंग, वय नऊ, शून्य. त्याच पानावर नाईकाचा नातू फुलसिंग, वय सहा, तीन बोटं. नाईकाच्या घरी तेव्हा दोन म्हशी होत्या. लखीरामच्या घरी शेळीसुद्धा नव्हती. तांड्यातल्या सगळ्यांत भुकेल्या घरातली लेकरं काठीसारखी सरळ.

पुढची वर्षं पाहिली. जमनी शून्य, एक, एक, दोन, तीन. आज चार. एकसष्टनंतर असं काय झालं? पानाच्या कडेला लाल पेन्सिल होती. बाईंच्याच अक्षरात.

बाहेर तीस-चाळीस माणसं बसली होती. धुरपताबाईनं दोनदा हाक मारली. बाईंनी वही मिटली आणि उरलेली सगळी पोरं पाहिली, एकही सोडलं नाही. भुरीबाईला मात्र काही सांगितलं नाही. तेलाची बाटली भरून दिली, सवयीनं.

दुसऱ्या दिवशी विहिरीचं पाणी बाटलीत घालून नागपूरला तपासायला पाठवलं. शिकलेल्या माणसाला कागद लागतो. डोळ्यांनी दिसलं, मनाला पटलं, तरी कागद लागतो. आणि खरं सांगायचं तर आपली शंका खोटी ठरावी म्हणून बाई रोज सकाळी टपालाची वाट पाहत होत्या. नऊ आठवडे गेले. मग आला. खडकातला फ्लोराइड नावाचा क्षार या पाण्यात फार आहे, वाढत्या मुलांच्या हाडा-दातांत तो जाऊन बसतो, पाणी पिण्याला अयोग्य. हाडांतून तो परत निघत नाही, हे त्यात लिहिलं नव्हतं. ते बाईंनी पुस्तकात वाचलं.

होळी चार दिवसांवर होती. बाई तांड्यावर गेल्या आणि नाईकाला म्हणाल्या, पंच बसवा.

लिंबाखाली सगळे जमले. बाईंनी कागद वाचला नाही, साधं सांगितलं. पोरांचे पाय मुडदुसानं वाकले नाहीत, विहिरीच्या पाण्यानं वाकले. विहीर मी मागितली. सहा वर्षं मी चुकीचं औषध दिलं. आया खरं बोलत होत्या, कुणी गुडाखू दिला नाही.

नाईक म्हणाला, "बाई, नारू तं गेला ना?"

"गेला."

"मंग आता काय पेवाव? डोहाचं पेलं तं नारू, हिरीचं पेलं तं हे."

"डोहाचंच प्या. दुहेरी फडक्यातून गाळून. जंताचं बी पाण्यातल्या बारक्या किड्यात असतं, ते फडक्यात अडकतं."

"नुसतं फडकं?"

"हो."

"भुरी आनत होती तसं?"

बाईंनी मान हलवली. सगळ्यांची तोंडं भुरीबाईकडं वळली. म्हातारी जमनीला टेकून बसली होती. ती नाईकाशी बोलली नाही. बाईंना म्हणाली, "तुले कधी समजलं?"

"पौषात. वह्या पाहिल्या तेव्हा."

"आता फागुन हाये."

बाईंनी हातातल्या कागदाची घडी घातली.

"दोन महिने पोरगी तेच पानी पेली. म्या सोता भरून देल्लं." भुरीबाईचा आवाज चढला नाही. चढला असता तर बरं झालं असतं. "या नाईकानं दुश्मनी केली तं लेकरं वाचली होती माय. तू आली, उपाशी-तहानेली बसली आमच्यासाठी. असं कोनी कोनासाठी बसत नाई. म्या तुले देव मानलं." मग म्हणाली, "आता काय मानू, सांग."

नाईक शंकरसिंगला हसायची संधी होती. तो हसला नाही. त्याचा फुलसिंग बारा वर्षांचा होता आणि काठी घेऊन चालत होता. तो इतकंच म्हणाला, "कोनीबी होळीपासून हिरीचं पेनार नाई. ढोरं पाजा, धुनं धुवा." आणि उठून गेला. कसला दंड नाही, कसली शिवी नाही. बाई पाटीसारखा कोरा चेहरा घेऊन तिथंच बसून होत्या, तेव्हा जमनी जवळ आली.

"म्हंजे आता तेल नाई प्यावं लागन?" तिनं विचारलं.

"नाही."

"कवायतबी नाई?"

"नाही गं."

"बरं झालं. लय घान लागे ते," जमनी म्हणाली. मग थोड्या वेळानं म्हणाली, "पन तेल नाई पेलं तं पाय सरळ कसे होतीन?"

बाईंनी खरं सांगितलं. या पोरीशी तरी आता दोन महिने लावायचे नाहीत, एवढं त्यांना कळलं होतं. जमनीनं ऐकून घेतलं, आपल्या गुडघ्यांकडं पाहिलं आणि आजीला उठवायला गेली.

बाईंनी बदली मागितली नाही, वरून चालून आली तीही घेतली नाही. आसपासच्या चाळीस गावांच्या विहिरी त्यांनी बाटल्या भरभरून तपासून घेतल्या. आठ गावं विहिरी बंद करायला कबूल झाली, दोन गावांनी त्यांना हाकलून लावलं. दर गुरुवारी त्या बसायच्या. बोरखडीची पोरं मात्र कमी यायची. भुरीबाई आलीच नाही. तिनं जमनीला पाठवलं, ते फक्त एकदा, अडुसष्टच्या कार्तिकात. बाईंनी निरोप धाडला होता, नागपूरला हाडांचे मोठे सर्जन आहेत, पोरीच्या पायांची हाडं कापून सरळ करता येतात का ते विचारून येऊ. लखीरामनं परवानगी दिली. भुरीबाईनं भाकरी बांधून दिल्या, दोघींना पुरतील अशा. बाईंनी त्या भाकरींकडं बराच वेळ पाहिलं.

सर्जननं एक्स-रे उजेडावर धरला. हाडं खडूसारखी पांढरी. घट्ट दिसतात, पण ठिसूळ आहेत, म्हणाला. कापली तर जुळतील याची खात्री देत नाही. मी तरी हात लावणार नाही.

परतीच्या बसमध्ये जमनी खिडकीशी बसली होती. "डाक्तर काय बोलला ते मले समजलं," ती म्हणाली. "तुमी इंग्रजीत कायले बोलल्या?" बाईंनी एक्स-रेचं पाकीट पिशवीत घातलं. अर्ध्या वाटेत जमनी झोपली, आणि तिचं डोकं बाईंच्या खांद्यावर आलं. बाई खांदा न हलवता बसून राहिल्या, मुंग्या आल्या तरी.

फाट्यावर उतरल्या तेव्हा ऊन कलायला आलं होतं. लखीरामची बैलगाडी यायची होती, आली नव्हती. कापसाचे दिवस, बैल कुठं तरी अडकले असतील. बाई म्हणाल्या, इथं झाडाखाली बसू. जमनी म्हणाली, बसून काय करायचं, तांडा दिसतो इथून. आणि निघालीसुद्धा.

दोन्ही बाजूंना फुटलेला कापूस. जमनी पुढं, बाई मागं. गुडघ्याला गुडघा घासत होता, पाय बाहेर पडत होते, दर पाच-दहा पावलांनी तोल सावरायला ती कापसाच्या झाडाला हात लावायची. बाईंनी हजारो पोरं उभी करून मोजली होती. चालताना मागून इतका वेळ कुणाला पाहिलं नव्हतं.

जमनी थांबली. वळली नाही.

"बाई, तुमी पुढं चाला."

"का गं? थकलीस?"

"नाई. तुमी मांगून पाहून राह्यल्या. मले समजते."

बाई पुढं झाल्या. मागं पाहायचं नाही म्हणून पायवाटेवर नजर ठेवून चालू लागल्या. मागून पावलं यायची, एक पडायचं, एक घासायचं. पावलं थांबली की बाई थांबायच्या, वळायच्या नाहीत. पुन्हा ऐकू आली की चालायच्या. अशी ती सगळी वाट त्यांनी ऐकत ऐकत काढली.